अर्धा चमचा, मधातून

४ मे, रविवार

परदेशात, गिरावीनला मुलाकडे येऊन सात महिने झाले आणि आज पहिल्यांदा लिहिण्यासारखं काही घडलं.

मागच्या अंगणात नचिकेतने एका खोलीचं घर बांधून घेतलंय. इथे त्याला ग्रॅनी फ्लॅट म्हणतात. घरात ग्रॅनी उरलेली नाही, मग निदान ग्रँडपाला द्यावं की नाही? तर नाही. मी आत नातीच्या, म्हणजे श्रियाच्या, शेजारच्या खोलीत, आणि तिथे भाडेकरू. आज तो आला. नाव ओसेआ, गाव फिजीतलं लंबासा. दाराच्या चौकटीला डोकं लागतं त्याचं. वय पंचवीस. रग्बी लीग खेळतो, पगारी.

"बाबा, विंगर आहे तो," आमच्या सूनबाई लीना म्हणाल्या.

"विंगर म्हणजे?"

"मैदानाच्या अगदी कडेला उभा असतो तो."

कडेला उभं राहायचा पगार मिळतो हे मला चौतीस वर्षं कारखान्यात कुणी सांगितलं नाही!

पण त्याने वाकून "नमस्ते अंकल, कैसे?" म्हटलं आणि मी उडालोच. त्यांच्या गावात उसाच्या मळ्यांवर आपली माणसं पिढ्यान्‌पिढ्या आहेत, त्यांच्यात खेळून शिकलाय. त्याची हिंदी भोजपुरी वळणाची, माझी पुणेरी. दोघांनाही लाज वाटायचं कारण नाही, त्यामुळे गप्पा छान झाल्या. या घरात माझ्याशी कुणी सलग वीस मिनिटं बोलल्याला बरेच दिवस झाले होते.

रात्री जेवायला थांबवला. लीनाच्या त्या पाणचट आमटीला त्याने तीनदा वाढून घेतलं. मी म्हटलं, आवडत नसेल तर राहू दे. तर म्हणाला, आमच्यात मोठ्यांनी दिलेलं नाकारत नाहीत.

२१ मे, बुधवार

मला काम मिळालं.

ओसेआ रोज दुपारी कोपऱ्यावरच्या पार्कात जातो. स्वतःच चेंडू आभाळात मारतो आणि स्वतःच पळत जाऊन झेलतो. या खेळात विरोधी संघ मुद्दाम विंगरच्या डोक्यावर उंच चेंडू टाकतो म्हणे, आणि तो झेलायला गेलं की समोरून शंभर किलोची माणसं धावत येतात. सुटला तर सगळ्या मैदानादेखत नाचक्की. कडेला उभं राहणं वगैरे मी जे लिहिलं ते मागे घेतो.

कारखान्यात माल तपासायचो तसा मी बाकावर बसून मोजत होतो. सवय. चार उभ्या रेघा, पाचवी आडवी. तीन दिवसांत एकशे वीस झेल, सतरा सुटले. सतरातले चौदा डाव्या खांद्यावरून येणारे. वहीत आकृती काढून त्याच्या पुढ्यात ठेवली. म्हटलं, हा मालातला दोष नाही, हा एकाच जागचा दोष आहे, म्हणजे दुरुस्त होणारा. डावीकडून आला की तू मान उशिरा वळवतोस.

त्याने ते पान फोटो काढून क्लबच्या कोचला पाठवलं. कोचने विचारलं, हा कोण अ‍ॅनालिस्ट? ओसेआ म्हणाला, मेरा अंकल. हे ऐकून मी दोन पोळ्या जास्त खाल्ल्या.

सध्या तो क्लबच्या दुसऱ्या संघात आहे, करार ऑक्टोबरपर्यंतचा. पहिल्या संघात घेतलं आणि पुढचा करार झाला तरच व्हिसा, आणि व्हिसा झाला तरच बायको मेरे आणि दोन वर्षांची लेक लंबासाहून इकडे येणार. लेकीने बापाला अजून फोनवरच पाहिलंय. ती फोनची पाठ उलटी करून बघते, बाप मागे लपलाय का म्हणून. हे सांगताना तो हसत होता. मला नाही हसू आलं.

१२ जून, गुरुवार

पहिल्या संघाच्या विंगरचं ढोपर गेलं आणि शनिवारी ओसेआला घेतलंय! अन् नेमका आत्ता गडी खोकतोय. छातीत घरघर. क्लबच्या डॉक्टरांनी सांगितलं, वाफ घे आणि झोप. वाफ! एवढं शिकून वाफ!

मी आमच्या वैद्यांचं श्वासाचं चूर्ण काढलं. तीस वर्षं माझा दमा त्याने आवरलाय. येताना कॉफीच्या बाटलीत भरून आणलं. विमानतळावरच्या कार्डात वनस्पती, औषधी वगैरे विचारतात, तिथे सरळ 'नाही'वर खूण केली. खरं सांगितलं असतं तर माझ्यादेखत कचऱ्यात टाकलं असतं.

ओसेआने बाटली हातात घेऊन वास घेतला. "ई कोंची है, अंकल?" म्हणजे हे काय आहे. म्हणाला, क्लबला विचारावं लागतं, त्यांची यादी असते. मी तापलो. म्हटलं, अरे, झाडपाला आहे, मी तीस वर्षं खातोय, मेलो का? मैं गॅरंटी देता हूँ, चुपचाप खा. खाल्लं बिचाऱ्याने, माझ्यासमोर उभं राहून.

अर्धा चमचा, मधातून, सकाळ-संध्याकाळ. शनिवारी निघायच्या आधी पूर्ण चमचा.

१५ जून, रविवार

काय खेळला! काय खेळला पोरगा!

काल आम्ही सगळे गेलो होतो. इथे जून म्हणजे हिवाळा, थंडीने दात वाजत होते. श्रिया माझ्या मफलरचं टोक स्वतःला गुंडाळून बसली होती. पहिल्या दहा मिनिटांतच डाव्या खांद्यावरून उंच चेंडू आला.  त्याने मान वेळेवर वळवली, हवेतच घेतला आणि उभा राहिला. मी इतक्या मोठ्याने ओरडलो की पुढच्या रांगेतल्या गोऱ्या बाईंनी वळून "गुड ऑन यू, मेट" म्हटलं. नंतर कडेकडेने धावत जाऊन रेषेपलीकडे चेंडू टेकवला, म्हणजे एक ट्राय, आणि शेवटी कोपऱ्यातल्या झेंड्यापाशी आडवी उडी मारून दुसरा. नचिकेतने मला मिठी मारली. लहानपणी मारायचा तशी.

सामना संपल्यावर ओसेआ तासभर बाहेरच येईना. त्याला चाचणीवाल्यांनी बसवून ठेवलं होतं, लघवीची बाटली भरून द्यायला. घाम एवढा गेलेला की होतच नव्हती. गाडीत सगळ्यांनी त्यावरून त्याची भरपूर थट्टा केली. खोकलाही थांबलाय. कोण म्हणतं आपल्या औषधांत दम नाही!

६ जुलै, रविवार

सलग चौथा सामना पहिल्या संघातून. क्लबने दोन वर्षांच्या कराराचा मसुदा दिलाय, महिनाअखेर सही. मेरे फोनवर रडत होती. मला बघून हात जोडले आणि काहीतरी लांबलचक बोलली. ओसेआने भाषांतर केलं, "बोलती है, आप हमारे बाबूजी हैं."

मी नुसतं "हां हां" म्हटलं. 

१६ जुलै, बुधवार

ओसेआला पत्र आलं. चौदा जूनच्या लघवीत इफेड्रिन नावाचं उत्तेजक सापडलं, मर्यादेच्या दुप्पट. क्लबने आजपासून बाजूला बसवलंय. करार थांबला. तो पायरीवर बसून पत्र परत परत वाचत होता.

मी म्हटलं, काहीतरी गल्लत आहे, प्रयोगशाळेतही चुका होतात. बाटल्या बदलल्या असतील. त्याच्या प्रोटीनच्या डब्यांवर मला आधीपासून संशय होता. सगळे डबे काढायला लावले, एकेकावरची लेबलं भिंग लावून वाचली. एकातही नाही.

संध्याकाळी श्रियाला म्हटलं, बघ गं, हे इफेड्रिन कशात असतं. तिने दोन मिनिटांत शोधलं. "इट्स फ्रॉम अ प्लँट, आजोबा. पीपल यूज इट फॉर अ‍ॅस्थमा."

मी वैद्यांना फोन लावला. ते म्हणाले, "सोमलता असतेच की त्यात. दम्याला तिच्यासारखं दुसरं काही नाही. का हो, संपलं का?"

१७ जुलै, गुरुवार

सकाळी ओसेआ स्वयंपाकघरात आला. "अंकल, वो दवाई का बोतल है?"

मी म्हटलं, "खतम."

बाटली माझ्या मागे फळीवर होती. अर्धी भरलेली. तो माझ्यापेक्षा दीड फूट उंच आहे. त्याला माझ्या डोक्यावरून घरातलं सगळं दिसतं.  तो म्हणाला, "ठीक है अंकल. कोई बात नहीं," आणि गेला.

तो गेल्यावर मी ते चूर्ण सिंकमध्ये ओतलं आणि नळ सोडला. बाटली साबणाने धुतली.  का केलं? भीती वाटली म्हणून केलं. दुसरं कारण नाही, आणि लिहायचं तर खरंच लिहायचं.

२० जुलै, रविवार

नचिकेतला सांगितलं. तो गॅरेजमध्ये गाडीच्या चाकात हवा भरत होता. ऐकून खालीच बसला.

"बाबा, कार्डावर 'नाही' लिहिलंत?"

"हो."

"आणि तेच आता सरकारी माणसांपुढे सांगायचंय तुम्हाला? तुमच्या पेरेंट व्हिसाची फाइल अजून आत पडलीय. कॅरेक्टर बघतात ते. परत पाठवलं तर कुठे राहाल? पुण्याचा फ्लॅट आपण विकलाय."

"मग त्याचं काय?"

"त्याचे वकील आहेत, क्लब आहे. सुटेल तो. तुम्ही गप्प राहा, प्लीज."

प्लीज म्हणताना त्याचा आवाज फाटला. मला वाटलं होतं तो चिडेल. हा तर घाबरला. एकुलता एक मुलगा, माझ्यासाठी घाबरलाय, मग त्याचं ऐकायला नको? असं मी स्वतःला दिवसभर समजावलं. ओसेआ दुपारी पार्कात गेला नाही. क्लबबरोबर सराव करायला बंदी आहे, पण एकट्याने चेंडू मारायला काय हरकत होती? हल्लीची मुलं लगेच हातपाय गाळतात.

२९ जुलै, मंगळवार

चूर्ण बंद झालं तसा दमा उसळला. दोन दिवस कुणाला बोललो नाही. आज घरी कुणी नव्हतं आणि बागेत मला श्वासच मिळेना. ओसेआने मागून पाहिलं, मला अक्षरशः उचलून गाडीत घातलं आणि दवाखान्यात नेलं. तिथे दोन तास माझ्या शेजारी त्या बारक्या खुर्चीत अंग चोरून बसला होता. डॉक्टरांनी विचारलं, आधी काय घेत होता? मी म्हटलं, काही नाही. ओसेआने खाली फरशीकडे पाहिलं.

येताना गाडीत म्हणाला, "अंकल, ये पंप टाइम पे लेना."

बाकी एक शब्द नाही. आता वाटतं की त्याला काहीच ठाऊक नसावं. ठाऊक असतं तर एवढ्या प्रेमाने वागला असता का?

३ ऑगस्ट, रविवार

लीनाने मला अंगणात गाठलं. ही बाई माझ्याशी कामापुरतं बोलते, पण आज खुर्ची ओढून समोर बसली.

"बाबा, ओसेआचा वकील काल आला होता. मी कपडे वाळत घालत होते, सगळं ऐकू आलं. तो विचारत होता, हे पोटात गेलं कुठून ते सांग. कुठून गेलं ते सिद्ध झालं तर शिक्षा काही महिन्यांवर येईल. नाही तर दोन वर्षं. ओसेआ एकच सांगतोय, मला माहीत नाही."

"नसेल माहीत त्याला."

"मग वकील गेल्यावर मीच त्याला विचारलं. म्हणाला, दीदी, अंकल का पेपर फँस जाएगा, वो बूढ़ा आदमी है, हम जवान है, हम दूसरा काम कर लेगा." मग ती पुढे वाकली. "दोन वर्षांनी तो सत्तावीस होईल, बाबा. विंगरला दोन वर्षं बसवलं की कोण घेतं परत? मेरेचा व्हिसा गेला. सगळंच गेलं."

मी उठायला लागलो.

"तुम्ही बोलणार आहात का मी बोलू?" ती म्हणाली. "मला नचिकेतशी भांडावं लागेल, ते मी बघेन. पण तुम्ही बोललात तर बरं दिसेल."

सात वर्षांचा होतो तेव्हा शाळेत खोटं बोलल्याबद्दल आईने असंच समोर बसवलं होतं. ती मारणार नाही हे कळलं तेव्हा जास्त रडू आलं होतं. आजही आलं. लीनाने माझ्या पाठीवरून हात फिरवला आणि आत जाऊन चहा घेऊन आली.

४ ऑगस्ट, सोमवार

सकाळी ओसेआचं दार वाजवलं. म्हटलं, बोतल खतम नहीं था. मैंने झूठ बोला. बाद में सिंक में फेंक दिया.

तो म्हणाला, "मालूम है अंकल. देखा था."

"तो बोला क्यूँ नहीं?"

"आप का मुँह देख के."

मी त्याच्यावर ओरडलो. हो, मीच ओरडलो! म्हटलं, मूर्खा, तुझी लेक फोनच्या मागे बाप शोधते आणि तू माझं तोंड बघत बसलास? माझं काय, मी बहात्तरचा, मला कुठेही ठेवा. तो हसायला लागला, मग हसता हसता रडायला लागला. एवढा मोठा माणूस रडतो तेव्हा काय करायचं कळत नाही. मी त्याच्या ढोपरावर थोपटत राहिलो, खांद्यापर्यंत हात पोचेना.

दुपारी वकील आला. सगळं ऐकून म्हणाला, चूर्ण कुठेय? गटारात. बाटली? धुतलेली. मग पुरावा काय? पुण्याहून वैद्य नवीन पाठवतील, पण तेच दिलं होतं हे कशावरून? आज मदतीला म्हणून गोष्ट रचताय असं म्हणतील.

मी म्हटलं, मी लिहून ठेवलंय. त्याच दिवशी. मात्रेसकट.

११ ऑगस्ट, सोमवार

निवडक चार पानं देऊन चालत नाही. बाकीचं लपवलं म्हणतील. चार मेपासून चार ऑगस्टपर्यंत सबंध वही सरकारमान्य भाषांतरकाराकडे गेली. आधी पानांचे फोटो काढायचे होते. ते लीनाने काढले. म्हणजे तिने वाचलं, आमटीसकट.

दिवसभर मी खोलीतून बाहेर पडलो नाही. संध्याकाळी ती दारात आली. "बाबा, भाषांतरवाल्या बाईंचा फोन होता. 'पाणचट आमटी'चं काय करू विचारत होत्या. मी म्हटलं, जसं आहे तसं लिहा, खोटं कुठे आहे त्यात?"

मी मान वर केली नाही.

"इथली तूरडाळ शिजतच नाही हो नीट," ती म्हणाली. "मलाही नाही आवडत."

नचिकेत तीन दिवस माझ्याशी बोलत नव्हता. त्यालाही त्या वहीत सगळं दिसलं असणार, गॅरेजमधलं. आज जेवताना त्याने न विचारता माझ्या ताटात भात वाढला. विमानतळाच्या कार्डाचं सगळं खरं सांगणारं पत्र त्यानेच टाइप केलंय, माझ्या सहीने व्हिसावाल्यांना जाईल. काय होईल ते होईल.

२८ ऑगस्ट, गुरुवार

सुनावणी झाली. कॉम्प्युटरवरच, समोर तीन माणसं, मधल्या अध्यक्षबाई. दुभाषा मराठी, आवाजावरून नागपूरकडचा वाटला. ओसेआ शेजारी कोट घालून बसला होता. कोट नचिकेतचा, बाह्या कोपरापर्यंत.

बाईंनी बारा जूनचं पान वाचून दाखवलं. इंग्रजीत ते आणखीच उद्धट वाटत होतं. मग विचारलं, "यात काय आहे असं खेळाडूने विचारलं होतं?"

"हो."

"क्लबला विचारावं लागतं, असं म्हणाला होता?"

"हो."

"तुम्ही काय उत्तर दिलं?"

 सगळं लिहिलेलंच होतं, तरी तोंडाने म्हणायला फार जड गेलं. "मी म्हटलं, मी गॅरंटी देतो. गप्प खा. मला माहीत नव्हतं त्यात काय आहे. कारखान्यात चौतीस वर्षं मी लेबल नसलेला खिळासुद्धा आत घेतला नाही. हे मी बाटली उघडून पोराला चारलं."

दुभाष्याने सगळं सांगितलं. चूर्ण ओतल्याचंही विचारलं. भीतीने ओतलं म्हटलं.

शेवटी बाई म्हणाल्या, तुम्हाला आणखी काही सांगायचंय? ठरवलेलं काहीच नव्हतं. पण तोंडातून निघालं, "माल खराब निघाला की नुसता माल बाजूला काढून भागत नाही. कारण शोधायचं आणि ते लाइनवरून हलवायचं. या केसमध्ये कारण मी आहे. या मुलाला नाही म्हणता येत नाही, आणि मला नाही ऐकून घेता येत नाही. त्याला परत खेळवायचं असेल तर आधी आमच्या घरातून हलवा."

दुभाष्याचं बोलून व्हायच्या आधीच ओसेआ ओरडला, "अंकल, नहीं!" वकिलाने त्याचा दंड धरला. क्लबचा माणूसही कॉलवर होता, तो खाली मान घालून लिहून घेत होता.

९ सप्टेंबर, मंगळवार

चार महिने. सोळा जुलैपासून धरून.

म्हणजे नोव्हेंबरच्या मध्याला मोकळा, पुढच्या मोसमाचा सराव सुरू होतो तेव्हा! निकालात लिहिलंय की खेळाडूने विचारणा केली होती, आणि त्याच दिवशीची नोंद विश्वासार्ह आहे. क्लब दोन नाही, पण एका वर्षाचा करार देतोय. पहिल्या संघाबरोबर. व्हिसा होतो त्यात. मेरे आणि लेक जानेवारीत येतील.

कराराला एक अट आहे. त्या दोघी येईपर्यंत क्लबच्या घरात राहायचं, क्लबने दिलेलंच खायचं, बाहेरचं काही घेण्याआधी डॉक्टरला विचारायचं. मागितलं तेच मिळालं की मला. मग दुपारभर असं मेल्यासारखं का वाटत होतं?

माझ्या व्हिसाचं अजून काही कळलेलं नाही. नचिकेत रोज मेल बघतो.

२० सप्टेंबर, शनिवार

ओसेआ गेला.

सामान दोनच बॅगा. श्रिया त्याच्या गळ्याला लटकून "यू बेटर विझिट, ओकेऽ?" म्हणत होती. नचिकेतने त्याला तो कोट देऊन टाकला, बाह्या कोपरापर्यंत असलेला, काय करणार आहे कुणास ठाऊक. लीनाने काल बेसनाचे लाडू केले होते. सगळे मोटारीपाशी उभे होते तेव्हा मी आत जाऊन एक लाडू बशीत घेऊन आलो.

लीना माझ्याकडे बघतच राहिली. "बाबा!"

मी तिच्याकडे लक्ष दिलं नाही. बशी त्याच्यापुढे धरली. "घर का है. बेसन, घी, शक्कर. मेरे सामने बना. जाते जाते एक खा ले."

त्याने लाडवाकडे पाहिलं, मग माझ्याकडे. हात वर आलासुद्धा. चार महिने हा माणूस माझ्या हातून काहीही खात आला होता. मी बशी आणखी पुढे केली. चेहरा मी जमेल तेवढा रागीट ठेवला होता.

"मोठ्यांचं नाकारतोस?" मी मराठीतच म्हटलं. त्याला बरोबर कळलं.

त्याचे डोळे भरून आले. मग त्याने दोन्ही हात पाठीमागे नेले आणि एकमेकांत घट्ट धरले.

"नहीं, अंकल," तो म्हणाला. "हम नई खाएगा."

"पक्का?"

"पक्का. पहिले डॉक्टर को पूछेगा."

मी म्हटलं, "शाबास!"  त्याने मला मिठी मारली, बशी आमच्या दोघांच्या मध्ये अडकली आणि लाडू फुटून त्याच्या जाकिटावर सांडला. त्याने तो झटकला, पण बोटं तोंडाकडे नेली नाहीत. मी नीट बघत होतो.

मोटार वळेपर्यंत आम्ही फाटकात उभे होतो. मग लीनाने बशीत उरलेला अर्धा लाडू मोडला, एक तुकडा मला दिला, दुसरा तिने खाल्ला आणि आम्ही आत आलो.